सुब्रत मित्र यांची कारकीर्द आणि वाड्याच्या चौकातला उजेड

संगमकाठ (सांगली)

नमस्कार. मी गेली 11 वर्षे सांगलीत छायाचित्रणाचा व्यवसाय करतो. लग्न, मुंज, वास्तुशांत आणि पासपोर्टचे फोटो यांवर घर चालते, आणि त्याबद्दल माझी तक्रारही नाही. गेल्या दिवाळीत आम्हा चार-पाच जणांनी वीस मिनिटांचा एक लघुपट करायचे ठरवले आणि कॅमेरा माझ्या मालकीचा आहे एवढ्या एकाच पात्रतेवर छायालेखनाची जबाबदारी माझ्या गळ्यात पडली. कथा वाईतल्या एका जुन्या वाड्यात घडते. चौकातले प्रसंग पुष्कळ आहेत आणि सगळे एकाच सकाळचे आहेत, पण आमच्याकडे मंडळी जमणार ती चार वेगवेगळ्या रविवारी.

तयारी म्हणून एका ज्येष्ठांच्या सांगण्यावरून मी सत्यजित राय यांचा ‘अपराजितो’ पाहिला. त्यात बनारसच्या घरातला चौक आहे, आपल्याकडच्या वाड्याला असतो तसाच, वरून उघडा आणि चहूबाजूंनी खोल्या. तेवढे प्रसंग मी चार वेळा मागे घेऊन पाहिले. माणसे चौकातून आतल्या अंधाऱ्या खोलीकडे जातात तेव्हा उजेड त्यांच्या अंगावरून सावकाश उतरत जातो, कुठेही तुटत नाही, आणि सावलीला म्हणावी अशी कडाच नाही. तो चौक बनारसमधला नसून कलकत्त्याच्या स्टुडिओतला सेट आहे हे नंतर वाचनात आले, तेव्हा मला ते काही काळ खरेच वाटेना. माझी फ्लॅशला लावायची छत्री आणि माझे फ्लॅश पाहून मला थोडी लाजही वाटली.

छायालेखक म्हणून नाव येते ते सुब्रत मित्र यांचे. त्यांच्याविषयी मिळेल तेवढे वाचले, पण तीन गोष्टींचा उलगडा होत नाही आणि त्यासाठीच हा धागा काढत आहे. ज्याने चलच्चित्राचा कॅमेरा कधी चालवला नव्हता अशा माणसाने पहिलाच चित्रपट ‘पथेर पांचाली’सारखा कसा काय चित्रित केला, हे एक. दुसरे म्हणजे एवढे कौतुक होत असताना त्यांच्या नावावर इतके थोडे चित्रपट का आहेत. आणि तिसरी माझी व्यावहारिक अडचण अशी की, त्या स्टुडिओत त्यांनी नेमके काय केले होते, आणि दोन हॅलोजन, एक एलईडी पॅनल व चार माणसे एवढ्या बळावर त्यातले काही वाईच्या वाड्यात करता येईल का. जाणकारांनी सविस्तर लिहावे ही विनंती.

शाहूपुरीकर (सातारा)

आपला प्रश्न वाचून आनंद झाला. मी साताऱ्यात 32 वर्षे पदार्थविज्ञान शिकवले आणि त्यातली निम्मी वर्षे सोबतीला एक लहानशी फिल्म सोसायटीही चालवली, त्यामुळे थोडे लांबण लागणार आहे ते चालवून घ्यावे.

मित्र यांचा जन्म 12 ऑक्टोबर 1930 रोजी कलकत्त्यात झाला. शाळेत असताना ते सोबत्यांबरोबर सायकलवरून इंग्रजी चित्रपट पाहायला जात, आणि कॉलेजात जाईपर्यंत आपण वास्तुविशारद व्हायचे किंवा छायालेखक, असे त्यांच्या मनाने घेतले होते. कॅमेऱ्यापाशी सहायक म्हणून कोणी उभे करीना, म्हणून नाइलाजाने ते विज्ञानाच्या पदवीचा अभ्यास करीत राहिले. अशातच फ्रेंच दिग्दर्शक जाँ रन्वार हे ‘द रिव्हर’च्या चित्रीकरणासाठी बंगालमध्ये आले. मित्र काम मागायला गेले, ते मिळाले नाही. मग वडिलांनी शब्द टाकला आणि नुसते बाजूला उभे राहून पाहण्याची परवानगी मिळाली.

या ‘पाहण्या’पाशी थोडे थांबावे असे मला वाटते, कारण आपल्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर बहुतांशी इथेच आहे. हा मुलगा रोज वही घेऊन उभा राहत असे. दिवा कुठे ठेवला, कॅमेरा कुठे होता, नट कुठून कुठे गेला, याच्या आकृत्या आणि टिपणे तो काढत असे. त्या चित्रपटाचे छायालेखक क्लोद रन्वार हे दिग्दर्शकाचे पुतणे. एक प्रसंग पुन्हा घ्यायची वेळ आली तेव्हा आधीची प्रकाशयोजना ताडून पाहण्यासाठी त्यांनी याच मुलाची वही मागून घेतली, असे सांगतात. ज्याला तिथे कोणी काम दिले नव्हते त्याची वही कामाला आली! जाहिरात कंपनीत नोकरी करणारे सत्यजित राय सुट्टीच्या दिवशी तिथे येत, आणि कलाविभागात बन्सी चंद्रगुप्त काम करीत होते. पुढे ‘पथेर पांचाली’ची जी तिकडी जमली, तिची ओळख दुसऱ्याच्या चित्रपटाच्या कडेला उभे राहून झाली.

27 ऑक्टोबर 1952 रोजी चित्रीकरण सुरू झाले तेव्हा मित्र यांना 22 वे वर्ष पूर्ण होऊन जेमतेम दोन आठवडे झाले होते. पहिला प्रसंग काशाच्या रानातला, ज्यात दुर्गा आणि अपू ही भावंडे आगगाडी पाहायला जातात. हे काश म्हणजे पांढऱ्या तुऱ्याचे उंच गवत. आपल्या भागात उसाला तुरा येतो तो डोळ्यांपुढे आणा, कारण काश उसाच्याच कुळातले आहे, आणि त्याचा संकर करूनच कोइमतूरच्या केंद्राने आपल्या देशातला सुधारित ऊस तयार केला. पुढच्या खेपेला मंडळी परतली तो गुरांनी ते रान फस्त केलेले. पुन्हा तुरे येण्यासाठी वर्षभर थांबावे लागले. पुढे पैशांअभावी काम पुन्हा पुन्हा बंद पडत गेले आणि चित्रपट लोकांसमोर आला तो 26 ऑगस्ट 1955 रोजी. ज्या मुलाला अनुभव नव्हता त्याला या रखडण्यातच, एक प्रसंग आणि दुसरा प्रसंग यांच्या मधल्या महिन्यांत, विचार करायला सवड मिळाली असावी, असे माझे मत आहे. घाईने तीन महिन्यांत काम उरकले असते तर काय झाले असते, सांगता येत नाही.

दिवसाचे बहुतेक प्रसंग बोडाल गावातल्या पडक्या घरात उपलब्ध उजेडात घेतले आणि रात्रीचे स्टुडिओत. राय आणि मित्र हे दोघेही फ्रेंच छायाचित्रकार आँरी कार्तिए-ब्रेसाँ यांच्या स्थिरचित्रणाचे भक्त होते. खोलीत उजेड येतो तो खिडकीतून किंवा दारातून येतो, आणि पडद्यावरही तो तिथूनच आल्यासारखा दिसला पाहिजे, हा साधा आग्रह त्यामागे होता. आज तो साधा वाटतो. त्या काळी स्टुडिओत नटीच्या केसांमागे एक दिवा ठेवलेला असे, मग ती अमावास्येच्या रात्री का उभी असेना.

‘अपराजितो’ 1956 चा. बन्सी चंद्रगुप्त यांनी बनारसच्या घराचा सेट उघड्यावर उभारावा असा मित्र यांचा आग्रह होता, म्हणजे वरून खरा आकाशाचा उजेड मिळाला असता. परंतु पावसाच्या भीतीने तो स्टुडिओच्या छपराखाली उभारला गेला. मग त्यांनी चौकाच्या वर पांढरे कापड ताणून बसवले आणि दिव्यांची तोंडे नटांकडे न करता खालून त्या कापडाकडे केली. कापडावर पडून परतणारा उजेड चौकात उतरला. आज ज्याला सगळे बाउन्स म्हणतात ते हेच.

यातले शास्त्र शाळेतल्या प्रच्छाया (गडद सावली) आणि उपच्छाया (तिच्या कडेची फिकट सावली) यांच्या धड्यापलीकडचे नाही. उगम लहान असेल तर सावलीची कड तीक्ष्ण येते, आणि वस्तूच्या मानाने उगम मोठा असेल तर उपच्छाया रुंदावत जाऊन कड विरघळते. वर चौकभर ताणलेले कापड हा बारा-पंधरा फुटांचा उगम झाला. दुसरे असे की, लहान दिव्याचा उजेड अंतराच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात झपाट्याने घटतो, परंतु मोठ्या पृष्ठभागाच्या जवळपास तो इतक्या झपाट्याने घटत नाही. चौकातून ओसरीत जाणाऱ्या माणसावरून उजेड ‘सावकाश उतरतो’ असे आपण लिहिलेत ना, त्याचे कारण हे. निरीक्षण अचूक आहे.

कारकीर्दीचा पुढचा भाग आपल्याला यादीत सापडेल, म्हणून भराभर सांगतो. ‘पारस पथर’ आणि ‘जलसाघर’ 1958, ‘अपूर संसार’ 1959, ‘देवी’ 1960, दार्जिलिंगच्या धुक्यातला रंगीत ‘कांचनजंघा’ 1962, ‘महानगर’ 1963, ‘चारुलता’ 1964 आणि ‘नायक’ 1966. राय यांच्यासोबतचे काम इथे संपले. मधल्या काळात आणि नंतर अमेरिकन दिग्दर्शक जेम्स आयव्हरी यांच्यासाठी ‘द हाउसहोल्डर’, ‘शेक्सपिअरवाला’, ‘द गुरू’, ‘बॉम्बे टॉकी’. आणि ज्यांना बंगाली अजिबात कळत नाही त्यांनीही त्यांचे काम पाहिलेले असते, कारण 1966 च्या ‘तीसरी कसम’मधली बैलगाडी, ती धूळ आणि तो उतरता उजेड त्यांचाच आहे.

दुसऱ्या प्रश्नावर कोणी चित्रपटसृष्टीतले लिहील तर बरे.

जवारी (मिरज)

वरील गुरुजींच्या लेखनात एक गोष्ट राहून गेली आणि ती आम्हा मिरजकरांना सोडवत नाही. सुब्रत मित्र सतार वाजवत असत. ‘पथेर पांचाली’चे संगीत पंडित रविशंकर यांनी एकाच रात्रीच्या सलग बैठकीत ध्वनिमुद्रित केले आणि ते निघून गेले, परंतु काही जागा रिकाम्या राहिल्या होत्या. चिनीबास मिठाईवाला कावड घेऊन चालला आहे, मागे दुर्गा, अपू आणि कुत्रे, आणि सगळ्यांची प्रतिबिंबे तळ्यात, त्या प्रसंगाची सतार मित्र यांनी वाजवली आहे. स्वतः टिपलेल्या चित्राला स्वतःच सतारीची साथ करणारा छायालेखक मला तरी दुसरा ठाऊक नाही.

आमचे घर पिढ्यान्‌पिढ्या सतारीच्या धंद्यात आहे. पंढरपूर भागातला भोपळा येतो, वाळतो, त्यावर तबकडी बसते, आणि सगळ्यात शेवटी घोडीची जवारी काढायची असते. तारेखालचा तो पृष्ठभाग कानशीने इतका बारीक घासावा लागतो की, केसाएवढा उंचवटा राहिला तरी सूर कोंडतो. हा उंचवटा शोधायचा तर मला खिडकीतून तिरपे येणारे कडक ऊन लागते. ढगाळ दिवशी किंवा पडदा ओढलेल्या खिडकीत सगळे सपाट दिसते आणि हात फसतो. सांगायचा मुद्दा असा की, मऊ उजेड पुष्कळ गोष्टी झाकतो. वाईच्या वाड्याच्या भिंतीचे पोपडे, खांबावरची कोरीव कामाची धार आणि म्हाताऱ्या माणसाच्या हातावरच्या शिरा दाखवायच्या असतील, तर सगळीकडे कापड ताणून बसू नका. ‘जलसाघर’मधला जमीनदार आणि ती झुंबरे पाहा. तिथे काळोख आणि चमक दोन्ही जागेवर ठेवली आहेत.

चित्रपटातले मला फारसे कळत नाही. अधिक-उणे बोललो असल्यास मोठ्यांनी सांभाळून घ्यावे.

मांजरपाट (मूळ कराड, सध्या मुंबई)

मी कॅमेरा विभागात सहायक आहे, फोकस ओढण्यापासून सुरुवात केली आणि आता कधी कधी छोट्या कामांवर स्वतंत्रपणे उभा राहतो. दुसऱ्या आणि तिसऱ्या प्रश्नावर लिहितो, पण त्याआधी एक दुरुस्ती, म्हणजे खरे तर एक सावधगिरी. सुब्रत मित्र यांनी बाउन्सचा ‘शोध लावला’ असे वाक्य सर्रास वाचायला मिळते. परावर्तित उजेड स्थिरचित्रणाच्या स्टुडिओत आधीपासून होता, आणि आपल्या कोल्हापुरात बाबूराव पेंटरांच्या काळापासून उन्हात परावर्तक धरले जात. मित्र यांचे श्रेय वेगळे आणि माझ्या मते अधिक मोठे आहे. बंद स्टुडिओत, संपूर्ण सेटचा मुख्य उजेड म्हणून, प्रसंगामागून प्रसंग, आणि तोही ‘हे आकाश आहे’ या एका कल्पनेशी इमान राखून त्यांनी तो वापरला. युरोपात स्वीडिश छायालेखक स्वेन निक्विस्ट यांच्या अशा कामाचा बोलबाला झाला तो 1960 च्या आसपास, म्हणजे ‘अपराजितो’च्या काही वर्षे नंतर. राय यांनी स्वतः याची नोंद केलेली आहे. कलकत्त्याच्या स्टुडिओतले काम जगाच्या कानावर उशिरा गेले, एवढाच त्याचा अर्थ.

हा उजेड महाग पडतो, हे कोणी सांगत नाही. दिवा कापडाकडे वळवला की त्याचा फार मोठा हिस्सा इकडेतिकडे विखुरतो आणि नटापर्यंत थोडाच पोहोचतो. त्या काळच्या निगेटिव्हची संवेदनशीलता आजच्या कॅमेऱ्याच्या मानाने पुष्कळच कमी होती, तेव्हा दिव्यांची संख्या वाढवावी लागे, उकाडा वाढे, वेळ वाढे, आणि निर्मात्याच्या माणसाच्या कपाळावरची आठीही वाढे. आपल्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर मला इथे दिसते. मित्र हे अतिशय काटेकोर म्हणून ओळखले जात. प्रयोगशाळेतली धुलाई, प्रिंटची घनता, इथपर्यंत त्यांचे लक्ष असे. असा माणूस वर्षाला पाच चित्रपट करूच शकत नाही. माझ्या कामात मी रोज पाहतो की, ‘दहा मिनिटांत तयार’ म्हणणाऱ्याला पुढचे काम मिळते आणि ‘अजून अर्धा तास’ म्हणणाऱ्याला चहा मिळतो. त्यात त्यांना डोळ्यांचा त्रास झाला आणि 1961 च्या सुमारास काही काळ बाजूला व्हावे लागले. शिवाय ‘चारुलता’पासून राय स्वतः कॅमेऱ्याच्या मागे बसून तो चालवू लागले. राय यांच्या दृष्टीने ते स्वाभाविक होते, कारण नटाच्या हालचालीचा ताल त्यांना स्वतःच्या डोळ्याने हवा होता. परंतु छायालेखकाच्या जागेवरून पाहिले तर चौकट आखण्याचा भाग हातून गेला आणि प्रकाश तेवढा उरला. दोन वर्षांनी ‘नायक’नंतर दोघांचे मार्ग वेगळे झाले, यात मला नवल वाटत नाही. त्याच चित्रपटात आगगाडीचा डबा स्टुडिओत उभारून खिडकीबाहेरचा प्रदेश मागच्या पडद्यावर प्रक्षेपित केला आहे, आणि डब्यातला उजेड त्या प्रदेशाशी जुळवून ठेवला आहे. निरोपाचे काम म्हणून पाहण्यासारखे आहे.

1970 नंतर मोठ्या पडद्यावर त्यांचे काम फार विरळ झाले. ‘न्यू दिल्ली टाइम्स’ 1986 मध्ये आला आणि त्यासाठी छायालेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पद्मश्रीही त्याच वर्षी. 1997 पासून ते कलकत्त्याच्या सत्यजित राय चित्रपट संस्थेत शिकवत होते, आणि 7 डिसेंबर 2001 रोजी वारले.

आता वाईचा वाडा. जाड मांजरपाट घ्या, कोरा, धुतलेला नको. बारा बाय बारा फुटांचा शिवून घ्या, कडांना नाडी ओवण्यासाठी पट्टी करा आणि चौकाच्या तुळ्यांना बांधा, पत्र्याला नव्हे. कापड चौकाच्या तोंडावर बांधले की आकाशाचा खरा उजेड त्यातून गाळून येईल आणि उन्हाची तिरीप अडेल. आमच्याकडे याला स्किमर म्हणतात. हे दुपारी बारापर्यंत पुरते. ऊन कलल्यावर दोन्ही हॅलोजन पहिल्या मजल्याच्या कठड्यावरून वरच्या कापडाकडे वळवा. ढग आला, गेला, तरी फरक कमी जाणवेल. चार रविवारची एक सकाळ करायची असेल, तर दर वेळी चौकाच्या एकाच फरशीवर उजेड मोजा आणि आकडा वहीत लिहा. वहीचे महत्त्व शाहूपुरीकर सरांनी सांगितलेच आहे. वरून येणाऱ्या उजेडात डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात, त्यासाठी चौकटीच्या बाहेर जमिनीवर एक पांढरा थर्माकोल आडवा टाका, उभा धरू नका. उभा धरला की चेहरा गोरामोरा दिसतो आणि लग्नाच्या अल्बमची आठवण येते, राग मानू नये.

आणि वाऱ्याचे पाहा. वाईला संध्याकाळी नदीवरून वारा सुटतो. कापडाचे शीड होते.

संगमकाठ (सांगली)

राग कसला, अल्बमचा टोला बरोबरच बसला. आपणा तिघांचे मनापासून आभार. सरांनी सांगितलेली वहीची हकीकत मी आमच्या सगळ्या मंडळींना वाचून दाखवली.

एक उपप्रश्न आहे. बंगाली चित्रपटाचा तो काळ म्हणजे एकटे सुब्रत मित्र असे होणार नाही. त्यांच्यासोबत किंवा त्यांच्यानंतर उभे राहिलेले आणखी कोण पाहावे? आणि हे लोक घडले कुठे?

शाहूपुरीकर (सातारा)

सर्वांत आधी सौमेंदू राय. हे आपल्या दृष्टीने विशेष उपयोगी, कारण त्यांचा रस्ता अगदी उलटा आहे. ते कलकत्त्याच्या टेक्निशियन्स स्टुडिओत खालच्या पायरीवर लागले, ‘पथेर पांचाली’च्या वेळी सहायकांत होते, आणि मित्र यांचा डोळा दुखावला तेव्हा 1961 च्या ‘तीन कन्या’चे काम त्यांच्याकडे आले. नंतर 1967 पासून ‘चिडियाखाना’, ‘गूपी गाइन बाघा बाइन’, ‘अरण्येर दिन रात्री’, ‘प्रतिद्वंद्वी’ अशी लांबलचक रांग आहे, आणि ‘अशनि संकेत’, ‘सोनार केल्ला’ व ‘शतरंज के खिलाडी’ या रंगीत चित्रपटांसाठी राष्ट्रीय पुरस्कार. ‘अशनि संकेत’ दुष्काळावरचा आहे आणि तरी त्यातले रान हिरवेगार आहे. उपासमारीला राखाडी रंग द्यायचा मोह त्यांनी आणि दिग्दर्शकाने टाळला, आणि त्यामुळेच तो चित्रपट अंगावर येतो. 2023 च्या सप्टेंबरमध्ये ते गेले.

दिग्दर्शक ऋत्विक घटक यांच्या बाजूला रामानंद सेनगुप्त आणि दिनेन गुप्त. सेनगुप्त यांनी घटकांचा पहिला चित्रपट ‘नागरिक’ केला, आणि मघाशी उल्लेख झालेल्या ‘द रिव्हर’वरही ते कॅमेरा चालवत होते. म्हणजे मित्र कडेला उभे होते तेव्हा हे आत होते. वयाची शंभरी त्यांनी पाहिली. दिनेन गुप्त यांचे ‘अजांत्रिक’ आणि ‘मेघे ढाका तारा’ पाहा. त्यांतला उजेड मित्र यांच्यासारखा समजूतदार नाही. तो ओरडतो, आणि घटकांना तसाच हवा होता.

दिग्दर्शक मृणाल सेन यांच्यासाठी काम करणारे के. के. महाजन मात्र आपल्या पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून शिकून गेलेले. ‘इंटरव्ह्यू’, ‘कलकत्ता 71’, ‘पदातिक’ यांत कॅमेरा खांद्यावर घेऊन ते शहरात शिरले. वहीतून शिकलेला एक, स्टुडिओतल्या उमेदवारीतून आलेला दुसरा आणि संस्थेतून आलेला तिसरा, असे तिन्ही एकाच शहरात पंधरा-वीस वर्षांच्या अंतराने सापडतात. आपण यांतले कोण, ते आपण ठरवा. माझ्या मते पहिल्याच्या जवळचे आहात, फक्त वही अजून कोरी आहे.

संगमकाठ (सांगली)

वही आता कोरी नाही, म्हणून पुन्हा लिहितो.

परवाच्या रविवारी वाईला पहिली चाचणी घेतली. मांजरपाटाला कापड दुकानात पुरेसा पन्हा मिळाला नाही, म्हणून तीन पट्ट्या जोडल्या, आणि आईने घरी आणल्या आणल्या ते कापड धुऊन, सवयीने नीळ घालून वाळत टाकले. ‘कोरा, धुतलेला नको’ ही ओळ मी तिला दाखवायची विसरलो होतो. परिणाम असा झाला की, चौकातले सगळे चेहरे किंचित निळसर आले, जणू पहाट झाली आहे. दुसरीकडे वाड्याच्या ज्या भिंतीला गेरूचा पट्टा आहे, तिच्याजवळ बसलेल्या नटाच्या गालावर तांबूस छटा आली. डोळ्यांना ती जागेवर दिसली नव्हती, संगणकावर दिसली. मित्र यांचे ते सगळे काम कृष्णधवल होते, तेव्हा हा एक ताप त्यांना नसणार, असा विचार करून मी स्वतःचे समाधान केले. मग ‘कांचनजंघा’ आठवला आणि ते समाधानही गेले.

तरीही एक चौकट हाती लागली. सकाळी सव्वानऊची वेळ. आमची आजी झालेल्या बाई चौकातले तुळशीवृंदावन ओलांडून सोप्यात येतात आणि माजघराच्या उंबऱ्याशी थांबतात. कापडाखाली मोजलेला उजेड आणि उंबऱ्याशी मोजलेला उजेड यांत तीन स्टॉपचा, म्हणजे आठपट, फरक आला, पण तो फरक पदरावरून, मग खांद्यावरून, मग कानामागून असा गेला की कुठे रेघ सापडली नाही. जवारी यांच्या सूचनेप्रमाणे उंबऱ्यावरच्या हाताच्या चौकटीसाठी कापडाचे एक टोक सोडले आणि उन्हाची एक तिरीप येऊ दिली. शिरा दिसल्या.

साडेदहाला वारा आला आणि दोन नाड्या तुटल्या. त्याने संध्याकाळची वाटही पाहिली नाही. पुढच्या रविवारी कोरे कापड नेतो आहे, आणि नाडीऐवजी सुंभ. मांजरपाट यांना विचारायचे आहे की, गेरूच्या त्या भिंतीवर चौकटीबाहेर काळे कापड टाकले तर तांबूस छटा जाईल, की गालाची ती बाजू फारच काळवंडेल?

मांजरपाट (मूळ कराड, सध्या मुंबई)

काळवंडेल. काळे नको, राखाडी घोंगडी टाका. वाईच्या बाजारात मिळेल.